जुना सिंहली चित्रपट आणि त्याचे संगीत : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पहिला सिंहली बोलपट कोणता?

'कडवुनु पोरोन्दुव', म्हणजे 'मोडलेले वचन'. हा बोलपट २१ जानेवारी १९४७ रोजी कोलंबोत प्रदर्शित झाला. सिलोनला स्वातंत्र्य मिळायला तेव्हा वर्षभराचा अवधी होता. मात्र या पहिल्या सिंहली बोलपटाचे चित्रण लंकेत झालेच नाही. निर्माते एस. एम. नायगम यांनी तो मदुरेच्या चित्रकला मूव्हिटोन या स्टुडिओत तयार केला, दिग्दर्शक ज्योतिष सिन्हा बंगाली होते आणि संगीताची बाजू नारायण अय्यर यांनी सांभाळली होती. सिंहली होती ती भाषा आणि कथा, तीही बी. ए. डब्ल्यू. जयमान्न यांच्या मिनर्व्हा नाटक मंडळीने रंगभूमीवर आधीच गाजवलेली. नायिका रुक्मणी देवी आणि विनोदी नट एडी जयमान्न ही या मंडळीतलीच जोडी होती, आणि पडद्यावर आल्यानंतरही दोघांच्या अभिनयातला आणि गाण्यातला नाटकी सूर पुष्कळ काळ टिकून राहिला.

त्याआधी १९२५ साली 'राजकीय विक्रमय' नावाचा एक मूकपट निघाला होता. पुढे डाव्या राजकारणात मोठे नाव झालेले डॉ. एन. एम. परेरा हे त्याचे नायक होते. लंकेत दाखवला जाण्यापूर्वीच त्याच्या प्रती जळाल्या, त्यामुळे इतिहासाची खरी सुरुवात १९४७ पासूनच धरली जाते.

सुरुवातीचे चित्रपट दक्षिण भारतात का काढले जात?

कारण अगदी व्यावहारिक होते : लंकेत स्टुडिओ नव्हते. कॅमेरे, ध्वनिमुद्रणाची सोय, रसायनशाळा आणि तंत्रज्ञ हे सारे मदुरे, कोईमतूर, सेलम आणि मद्रास येथे तयार होते. तलैमन्नार ते धनुष्कोडी ही बोट आणि तिला जोडून धावणारी 'बोट मेल' गाडी यांच्यामुळे कोलंबोहून मद्रासला जाणे तेव्हा फारसे अवघड नव्हते. दुसरा सिंहली चित्रपट 'अशोकमाला' हाही १९४७ सालचाच आणि तो कोईमतूरला तयार झाला.

याचा परिणाम संगीतावर फार खोल झाला. स्टुडिओबरोबर तिथला वाद्यवृंद आला, वाद्यवृंदाबरोबर तिथली रीत आली, आणि त्या काळी तमिळ चित्रपटांचे संगीत स्वतःच हिंदी चित्रपटांच्या चालींवर बरेचसे पोसले जात होते. के. जमुना राणी यांच्यासारख्या दक्षिणेतल्या पार्श्वगायिकांनी सिंहली गाणी गायिली. मुंबईत गाजलेली चाल मद्रासमार्गे कोलंबोला पोहोचेपर्यंत तिच्यावर दोन भाषांचे संस्कार झालेले असत. कोलंबोचा प्रेक्षक मूळ हिंदी गाणेही ऐकत असेच, पण त्याला त्याची खंत नव्हती. उलट ओळखीच्या चालीवर आपल्या भाषेतले शब्द ऐकण्यात त्याला वेगळीच गंमत वाटत असावी.

म्हणजे सिंहली चित्रपटगीत ही निव्वळ नक्कल होती काय?

पहिल्या दहा वर्षांपुरते उत्तर बऱ्याच अंशी 'होय' असेच द्यावे लागेल. पण त्यामागचा इतिहास चित्रपटापेक्षा जुना आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत मुंबईहून पारशी नाटक मंडळ्या कोलंबोला जात असत. भरजरी पडदे, पेटी-तबला आणि हिंदुस्थानी रागांवर बेतलेली पदे असा त्यांचा थाट पाहून सिंहली नाटककारांनी त्याच धर्तीवर नाटके लिहायला घेतली. या नाटकांना 'नूर्ति' म्हणतात. त्यांतले सर्वांत मोठे नाव जॉन डी सिल्व्हा यांचे. त्यांच्या १९०३ सालच्या 'सिरिसंगबो' या नाटकासाठी हिंदुस्थानातून आलेले संगीतकार विश्वनाथ लौजी यांनी बांधलेले 'दन्नो बुदुन्गे' हे पद आज सव्वाशे वर्षांनंतरही लंकेत राष्ट्रगीताखालोखाल ओळखले जाते. २०१६ च्या स्वातंत्र्यदिनी किशानी जयसिंह या गायिकेने ते पाश्चात्त्य ऑपेराच्या ढंगाने गायिले, तेव्हा केवढा गदारोळ उठला होता! मुंबईच्या रंगभूमीच्या छायेत जन्मलेल्या चालीला लोक आपला शुद्ध वारसा मानू लागले होते, यातच उसनवारी आणि आपलेपणा यांच्यातली रेघ किती पुसट असते ते दिसते.

किर्लोस्कर-देवलांच्या नाटकांची पदे नाटकांपेक्षा अधिक जगली हे मराठी वाचकाला ठाऊक आहेच. नूर्तिचेही तसेच झाले. १९११ साली कोलंबोच्या मरदाना भागात उघडलेले टॉवर हॉल हे त्यांचे मुख्य ठिकाण होते, आणि चित्रपट आला तेव्हा त्याला गाण्याची सवय लागलेला प्रेक्षक आयताच मिळाला.

या इतिहासात मराठी माणसांचा काही संबंध आहे काय?

आहे, आणि तो वरवरचा नाही. पंडित विष्णु नारायण भातखंडे यांच्या पुढाकाराने १९२६ साली लखनौला जे संगीत महाविद्यालय निघाले, ते लंकेतल्या संगीतकारांच्या दोन-तीन पिढ्यांचे गुरुगृह ठरले. तिथून पदवी घेऊन परतलेला कलावंत आपल्या नावामागे 'विशारद' लावी, आणि लंकेत ही उपाधी अजूनही मानाने वापरली जाते. तिथल्या शाळांत संगीताचा जो अभ्यासक्रम रुजला त्यावरही भातखंडे पद्धतीची छाप आहे.

पुढचा दुवा पंडित श्रीकृष्ण नारायण रातंजनकर यांचा. मुंबईत जन्मलेले, भातखंड्यांचे पट्टशिष्य आणि लखनौच्या महाविद्यालयाचे प्राचार्य असलेल्या रातंजनकरांना १९५२ साली रेडिओ सिलोनने गायक-वादकांची परीक्षा घेऊन श्रेणी ठरवण्यासाठी कोलंबोला बोलावले. एका परक्या पंडिताने सिंहली गायकाची योग्यता हिंदुस्थानी संगीताच्या कसोटीवर ठरवावी हे काहींना मुळीच रुचले नाही. त्यांतले सर्वांत ठळक नाव सुनिल शांत यांचे. त्यांनी परीक्षेला बसण्यास साफ नकार दिला आणि परिणामी त्या काळचा सर्वांत लोकप्रिय सिंहली गायक नभोवाणीपासून दूर झाला. रातंजनकरांवर मात्र सारा ठपका ठेवणे अन्यायाचे होईल, कारण त्यांनी स्वतःच सिंहली संगीताची उभारणी तिथल्या लोकगीतांच्या पायावर व्हावी असा सल्ला दिला होता आणि पुढच्या काळातल्या चांगल्या संगीतकारांनी तोच मार्ग धरला.

योगायोग असा की १९५२ सालीच दिल्लीत बाळकृष्ण विश्वनाथ केसकर माहिती व नभोवाणी मंत्री झाले आणि त्यांच्या धोरणामुळे आकाशवाणीवरून चित्रपटगीते हद्दपार झाली. त्याचा लाभ रेडिओ सिलोनच्या हिंदी विभागाला झाला. 'बिनाका गीतमाला' त्याच वर्षी सुरू झाली. एक मराठी माणूस चित्रपटसंगीत भारतातून बाहेर घालवत होता आणि दुसरा कोलंबोत जाऊन गायकांना शास्त्राच्या तराजूत तोलत होता, आणि दोघांची गाठ पडली ती एकाच नभोवाणी केंद्राच्या ध्वनिलहरींवर.

याखेरीज लता मंगेशकर यांनी १९५५ सालच्या 'सेद सुलङ' या चित्रपटासाठी एक सिंहली गीत गायिले आहे. 'श्रीलंका मा प्रियादर जय भूमि' असे त्याचे शब्द आहेत आणि ते समजायला मराठी माणसाला दुभाष्या लागू नये.

सुनिल शांत यांना एवढे महत्त्व का दिले जाते?

कारण उसन्या चालीला नकार देऊन त्यांनी पर्याय उभा केला. १९१५ साली जन्मलेल्या सुनिल शांत यांचे शिक्षण शांतिनिकेतनात आणि लखनौला झाले होते, म्हणजे ज्या परंपरेला त्यांनी पुढे दूर सारले तिच्यात ते पुरेसे मुरलेले होते. रागाचा विस्तार, हरकती आणि मुरक्या बाजूला ठेवून त्यांनी साध्या, स्वच्छ उच्चारांच्या आणि पाश्चात्त्य स्वरमेळाला मोकळी वाट देणाऱ्या चाली बांधल्या. भाषेच्या बाबतीत ते 'हेळ हवुल' या मंडळाच्या विचारांचे होते. मुनिदास कुमारतुंग यांनी सुरू केलेल्या या चळवळीला संस्कृत शब्दांचा भार काढून टाकलेली शुद्ध सिंहली हवी होती. आपल्याकडच्या भाषाशुद्धीच्या चळवळीने फारसी-इंग्रजी शब्द हटवून संस्कृताकडे धाव घेतली. तिथे नेमके संस्कृतच बाहेर घालवायचे होते.

त्यांची गाणी आज ऐकताना कोणाला फार बाळबोध वाटतील. पण १९५० च्या आसपास कानावर सतत आदळणाऱ्या हिंदी चालींच्या शेजारी ती ठेवून पाहिली, म्हणजे त्यांच्या साधेपणामागचा हट्ट लक्षात येतो.

'रेखाव' या चित्रपटाने नेमके काय बदलले?

लेस्टर जेम्स पीरिस (१९१९–२०१८) यांचा 'रेखाव' २८ डिसेंबर १९५६ रोजी प्रदर्शित झाला. सरकारी चित्रपट विभागातली नोकरी सोडून पीरिस, छायालेखक विल्यम ब्लेक आणि संकलक टायटस तोटवत्त हे तिघे बाहेर पडले आणि त्यांनी स्टुडिओच्या रंगवलेल्या भिंती टाळून खऱ्या गावात, खऱ्या उन्हात चित्रण केले. हातावरची रेघ आणि गावकऱ्यांची अंधश्रद्धा यांभोवती फिरणारी ही कथा मुख्यतः दोन मुलांच्या आधाराने उभी राहते. १९५७ साली कान महोत्सवाच्या स्पर्धा विभागात तिची निवड झाली, पण घरच्या प्रेक्षकांनी मात्र तिच्याकडे बहुतांशी पाठच फिरवली.

गाण्यांच्या दृष्टीने 'रेखाव' ही मोठी खूण आहे. पीरिस यांनी संगीतासाठी नभोवाणीपासून दुरावलेल्या सुनिल शांत यांना आणले आणि गीते कॅथलिक धर्मगुरू व कवी फादर मार्सेलिन जयकोडी यांच्याकडून लिहवून घेतली. चाली पूर्णपणे नव्या होत्या. १९६० साली 'सन्देशय' या पोर्तुगीज आमदानीतल्या कथेवरच्या चित्रपटासाठीही सुनिल शांत यांनीच संगीत दिले आणि त्यातले पोर्तुगिजांची थट्टा करणारे गाणे लहानथोरांच्या तोंडी बसले. नवी चाल आणि लोकप्रियता यांचे वैर नसते, हे त्या गाण्याने दाखवून दिले.

१९५६ हे साल लंकेत सर्वच अर्थांनी ढवळून काढणारे होते. बुद्धजयंतीचे अडीच हजारावे वर्ष, 'केवळ सिंहली' हा भाषाविषयक कायदा आणि एदिरिवीर सरच्चंद्र यांचे 'मनमे' हे नाटक, सारे त्याच वर्षातले. आपले म्हणजे नेमके काय, हा प्रश्न तेव्हा चावडीपासून संसदेपर्यंत विचारला जात होता. त्याचे राजकीय उत्तर पुढे किती महागात पडले ते सर्वश्रुत आहे. कलेतले उत्तर त्यामानाने अधिक समंजस होते.

अमरदेव कोण होते?

डब्ल्यू. डी. अमरदेव (१९२७–२०१६) यांचे मूळ नाव आल्बर्ट परेरा. मोरटुव येथे सुतारकाम करणाऱ्या घरात ते जन्मले, 'अशोकमाला'च्या वेळी कोवळ्या वयातच मोहम्मद घौस यांच्या वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवायला लागले आणि १९५० च्या दशकात लखनौला शिकायला गेले. तिथे त्यांना व्हायोलिनचे गुरू लाभले ते विष्णु गोविंद जोग, म्हणजे आपले व्ही. जी. जोग. 'अमरदेव' हे नाव त्यांना सरच्चंद्र यांनी दिले.

सुनिल शांत यांनी हिंदुस्थानी संगीत नाकारले. अमरदेव यांनी ते पचवले. शेतातली, गाडीवानांची, पाळण्याजवळची सिंहली लोकगीते आणि रागसंगीत यांची त्यांनी अशी सांधेजोड केली की शिवण दिसत नाही. या प्रकाराला 'सरल गी' म्हणतात. शब्दार्थ 'सरळ गीत' असला तरी त्याची खरी जातकुळी आपल्या भावगीताची आहे : एक कवी, एक संगीतकार आणि नभोवाणीचा शांत श्रोता. कवी महगम सेकर यांच्याबरोबरची त्यांची जोडी या प्रकाराचा उत्कर्षबिंदू मानली जाते. चित्रपटांत त्यांनी तुलनेने मोजके काम केले, पण त्यात १९६२ सालचा पहिला रंगीत सिंहली चित्रपट 'रन् मुतु दूव' आहे. माइक विल्सन यांनी दिग्दर्शित केलेल्या आणि विज्ञानकथालेखक आर्थर सी. क्लार्क यांचा आर्थिक आधार लाभलेल्या या चित्रपटात समुद्राखालची दृश्ये होती. नारद दिसासेकर आणि तेव्हा अगदी नवख्या असलेल्या नंदा मालिनी यांनी गायिलेले त्यातले 'गलन गंगकि जीवितय' (वाहती नदी आहे जीवन) हे द्वंद्वगीत आजही जुन्या गाण्यांच्या कोणत्याही मैफलीत चुकत नाही. अमरदेव यांना २००१ साली मॅगसेसे पुरस्कार आणि पुढच्या वर्षी भारताची पद्मश्री मिळाली. मालदीवच्या राष्ट्रगीताची चालही त्यांचीच आहे.

गाणी नसलेले सिंहली चित्रपट होते काय?

होते. मार्टिन विक्रमसिंह यांच्या कादंबरीवरचा पीरिस यांचा 'गम्पेरळिय' (१९६३) हे त्याचे पहिले मोठे उदाहरण. गाणी, नाच, मारामारी आणि विनोदी उपकथानक ही चारही ठरलेली अंगे त्यातून वगळली होती. पार्श्वसंगीत अमरदेव यांचे होते आणि तेही अत्यंत काटकसरीचे. १९६५ साली दिल्लीच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात त्याला सुवर्णमयूर मिळाला.

ज्योतिपाल यांच्याविषयी मते एवढी टोकाची का आहेत?

एच. आर. ज्योतिपाल (१९३६–१९८७) हे सिंहली पार्श्वगायनाचे सर्वांत लाडके आवाज. त्यांच्या गाण्यांपैकी मोठा भाग हिंदी चालींवर बेतलेला आहे, आणि म्हणून जाणकार मंडळींनी त्यांना आयुष्यभर हिणवले. रिक्षावाले, गिरणी कामगार आणि बसचे वाहक यांनी मात्र त्यांना डोक्यावर घेतले. त्यांच्या अंत्ययात्रेला लोटलेली गर्दी अजून लोक सांगतात. आमच्या मते दोन्ही बाजूंचे म्हणणे खरे आहे. चाल उसनी असली तरी गळा उसना नव्हता, आणि त्या गळ्यातला मोकळेपणा मूळ हिंदी गाण्यात सापडेलच असे नाही.

प्रेमसिरि खेमदास यांचे वेगळेपण कशात आहे?

खेमदास (१९३७–२००८) यांनी चित्रपटसंगीत गाण्याच्या पलीकडे नेले. 'गोळु हदवत' (१९६८) या शाळकरी वयातल्या प्रेमकथेत आणि 'निधानय' (१९७२) या खजिन्याच्या लोभापायी झालेल्या खुनाच्या कथेत पाश्चात्त्य वाद्यमेळ आणि देशी सूर यांचा वापर पात्रांच्या मनातले बोलण्यासाठी केला आहे. 'निधानय'मध्ये गामिणी फोन्सेका आणि मालिनी फोन्सेका एकमेकांसमोर गप्प असतात तेव्हा संगीत त्यांच्या वतीने बोलत नाही, त्यांच्यावर पाळत ठेवते. या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवात गौरव मिळाला, आणि १९९७ साली सिंहली चित्रपटाच्या पहिल्या पन्नास वर्षांतला सर्वोत्तम म्हणून त्याची निवड झाली.

बैला म्हणजे काय?

पोर्तुगीज आणि आफ्रिकी वंशाच्या किनारी समाजांतून आलेला ठेक्याचा, नाचाचा गानप्रकार. गोव्यातल्या श्रोत्याला तो ऐकून शेजारच्या वाड्यातला वाटेल. चित्रपटांनी तो विनोदी प्रसंगांसाठी सढळ हाताने वापरला.

जुने चित्रपट आज पाहायला का मिळत नाहीत?

उष्ण-दमट हवा, साठवणीची आबाळ आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचा दीर्घकाळ अभाव ही नेहमीची कारणे आहेतच. पण एक कारण लंकेचे स्वतःचे आहे. जुलै १९८३ मध्ये तमिळविरोधी दंगलीत के. गुणरत्नम यांचा हेंदल येथील विजया स्टुडिओ जाळण्यात आला आणि अनेक चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह त्यात नष्ट झाल्या. दिग्दर्शक के. वेंकट यांची त्याच दिवसांत हत्या झाली. सिंहली चित्रपट ज्यांनी उभा केला त्यांची नावे या ठिकाणी आठवून पाहावीत. पहिली नायिका रुक्मणी देवी तमिळ ख्रिस्ती कुटुंबातली, मूळ नाव डेझी डॅनियल्स. बौद्ध भक्तिगीतांचा सर्वांत आवडता आवाज मोहिदीन बेग हे सेलमचे मुसलमान. वैशाख पौर्णिमेला त्यांची गाणी वाजल्याशिवाय सण पुरा होत नाही. संगीतकार आर. मुत्तुसामी दक्षिण भारतातून आलेले. पहिले निर्माते नायगम तमिळ, आणि ज्यांचा स्टुडिओ जळाला ते गुणरत्नमही तमिळच.

मग काही वाचले आहे काय?

'गम्पेरळिय'चे पुनरुज्जीवन अमेरिकेतल्या एका विद्यापीठाच्या चित्रपट संग्रहाने केले, तर 'निधानय'चे इटलीत बोलोन्या येथे झाले. सुमित्रा पीरिस यांच्या 'गेहेनु ळमइ' (१९७८) या चित्रपटाचे काम मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनने हाती घेतले आणि ती प्रत २०२५ साली कान महोत्सवात दाखवली गेली.

भाषा येत नसेल तर सुरुवात कोठून करावी?

सिंहली ही मराठीची दूरची बहीण आहे आणि लिपीचा अडसर सोडला तर ओळख पटायला वेळ लागत नाही. 'निधानय' म्हणजे निधान. 'रन् मुतु दूव' यातले 'मुतु' म्हणजे मोती आणि 'दूव' म्हणजे द्वीप. 'गम्पेरळिय' यातले 'गम' म्हणजे गाव, आणि 'हदवत' या शब्दातले हृदय सहज ऐकू येते. आधी अमरदेव यांची गाणी ऐकावीत, मग 'रन् मुतु दूव'मधले ते द्वंद्वगीत, आणि त्यानंतर एखाद्या मोकळ्या संध्याकाळी 'निधानय' पाहावा. ज्योतिपाल मात्र प्रवासासाठी राखून ठेवावेत. लंकेतल्या खासगी बसमध्ये, उभ्याने, खिडकीतून येणाऱ्या वाऱ्यावर ते जसे लागतात तसे घरी बसून लागत नाहीत.